औंढ्याला ऐकू न येणारं मरण : ग्रहीय तेजोमेघांची पार्श्वभूमी

हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ, दुधाळ्याच्या शिवारात लायगो-इंडियाची वेधशाळा व्हायची आहे. एप्रिल २०२३ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने तिच्यासाठी सुमारे २,६०० कोटी रुपये मंजूर केले, आणि तेव्हापासून आपल्याकडे ताऱ्यांचा विषय निघाला की गाडी थेट कृष्णविवरावर जाऊन थांबते. ते साहजिकच आहे. चार-चार किलोमीटरच्या दोन बाहूंचं हे यंत्र कृष्णविवरांच्या आणि न्यूट्रॉन ताऱ्यांच्या टकरींतून उठणाऱ्या गुरुत्वीय लहरी टिपण्यासाठीच आहे. पण असे अवशेष मागे ठेवणारे तारे फार थोडे. सूर्याच्या साधारण आठपटींहून कमी वस्तुमानाचे तारे वेगळ्या वाटेने जातात, आणि १०० ताऱ्यांमागे ९५ हून अधिक या गटातले. आपला सूर्यही त्यांतलाच. ते फुटत नाहीत. बाहेरची कवचं अवकाशात सोडून देतात, उघडा पडलेला गाभा ती काही हजार वर्षं उजळत ठेवतो आणि मग स्वतः निवत जातो. त्या उजळलेल्या कवचाला ग्रहीय तेजोमेघ म्हणतात. बिंबाभ्रिका असाही शब्द आहे. औंढ्याच्या यंत्राला यातलं काही ऐकू येणार नाही. पुढे असे दोन निवणारे गाभे, म्हणजे श्वेतबटू, एकमेकांभोवती फिरू लागले तरी त्यांच्या लहरींची वारंवारता या यंत्राच्या टप्प्याच्या फार खाली असते.

या मरणाची ओळख पटायला जवळजवळ २०० वर्षं लागली, आणि त्यातला बराच काळ विद्वान मंडळी मरण पाहून बारसं समजत होती.

पहिला तेजोमेघ सापडला तो शार्ल मेसिए या फ्रेंच धूमकेतू-शोधकाला, १२ जुलै १७६४ रोजी. त्याच्या यादीतला हा २७ वा डाग, आजचा डंबेल तेजोमेघ. मराठवाड्यातून तो पाहणं सोपं आहे. पावसाळा सरल्यावर सप्टेंबर-ऑक्टोबरच्या संध्याकाळी तो जवळजवळ डोक्यावर येतो. संभाजीनगर किंवा लातूरच्या दिव्यांपासून लांब, बालाघाटच्या एखाद्या माळावर साधी द्विनेत्रीही पुरते; फक्त चंद्र नसावा. रंगीत फोटो पाहून गेलेल्यांची मात्र निराशा होते. दिसतो तो राखाडी धुरकट ठिपका.

१७७९ मध्ये अभिजित ताऱ्याजवळचा कंकणाकृती तेजोमेघ सापडला. तुलूजच्या दार्किएने तो गुरूएवढा, विझत चाललेल्या ग्रहासारखा दिसतो असं लिहून ठेवलं. विल्यम हर्शेलने १७८१ मध्ये युरेनस शोधला होता, त्यामुळे हिरवट-निळी चकती कशी दिसते हे त्याच्या डोळ्यांत बसलेलं होतं. पुढच्याच वर्षी कुंभ राशीत तशीच एक चकती दिसली आणि त्यातूनच 'ग्रहीय' हे नाव आलं. ग्रहांशी त्याचा काडीचाही संबंध नाही, पण नाव टिकलं.

हर्शेलची खरी कामगिरी १३ नोव्हेंबर १७९० च्या रात्रीची. दुर्बीण मोठी केली की प्रत्येक धुरकट डागाचे सुटे तारे दिसतील, असं तोवर तो मानत होता. त्या रात्री वृषभ राशीत एक तारा दिसला, बरोबर मध्यभागी, आणि भोवती एकसारखा धूसर प्रकाश. हा धूर म्हणजे दूरचे तारे असतील तर मधला तारा अशक्य मोठा ठरतो. मग हा कसला तरी चकाकणारा प्रवाही पदार्थच असला पाहिजे, असं अनुमान त्याने काढलं. ते बरोबर होतं. पुढची उडी चुकली: हा पदार्थ गोळा होऊन तारा घडतो आहे, असं त्याला वाटलं. ताऱ्यांचा जन्म वायूच्या ढगातून होतो ही कल्पना तेव्हा मूळ धरत होती, आणि ग्रहीय तेजोमेघ त्या चौकटीत छान बसले. फार छान बसले, म्हणूनच कित्येक दशकं तिथून हलले नाहीत.

ते खरोखर वायूच आहेत याचा पुरावा एका माजी कापडव्यापाऱ्याने दिला. विल्यम हगिन्स याने लंडनमध्ये घरालाच वेधशाळा जोडली होती. २९ ऑगस्ट १८६४ रोजी त्याने कालेय तारकासमूहातल्या तेजोमेघाचा, म्हणजे आजच्या कॅट्स आयचा, प्रकाश वर्णपटदर्शकातून, म्हणजे प्रकाशाचे रंग सुटे करणाऱ्या उपकरणातून, पाहिला. ताऱ्यासारखा अखंड पट्टा दिसला नाही. दिसल्या मोजक्या तेजस्वी रेषा. तापलेल्या विरळ वायूची ती खूण. एक रेषा हायड्रोजनची निघाली, पण सर्वांत तेजस्वी हिरव्या रेषा कुठल्याच ओळखीच्या मूलद्रव्याशी जुळेनात.

चार वर्षांनी, १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास ग्रहणाने हे कोडं आणखी रंगवलं. या ग्रहणाच्या संदर्भात विजयदुर्ग किल्ल्याचं नाव आपल्याकडे आवर्जून घेतलं जातं; जमखंडीचं कुणी घेत नाही. पटवर्धनांच्या त्या संस्थानात वर्णपटदर्शक घेऊन बसलेला लेफ्टनंट जॉन हर्शेल हा विल्यम हर्शेलचा नातू. सूर्याच्या कडेवरच्या ज्वाला वायूच्या आहेत हे त्याने तिथून पाहिलं. त्याच वर्षी सूर्याच्या वर्णपटातल्या एका पिवळ्या रेषेवरून हीलियमची कल्पना पुढे आली, आणि १८९५ मध्ये तो वायू पृथ्वीवरही सापडला. मग तेजोमेघांतल्या हिरव्या रेषा कुणाच्या? 'नेब्युलियम'च्या, असं ठरलं. मेंडेलीफच्या कोष्टकात त्याला जागा नव्हती, तरी ही कल्पना ६० वर्षांच्या आसपास चालली.

कोडं सुटलं १९२७ मध्ये. अमेरिकेतल्या आयरा बोवेनने दाखवलं की या रेषा दोन इलेक्ट्रॉन गमावलेल्या साध्या ऑक्सिजनच्या आहेत. अणूतला इलेक्ट्रॉन एका विशिष्ट पायरीवर पोचला की तो खाली उतरून हा हिरवा प्रकाश द्यायला सुमारे अर्धा मिनिट घेतो. प्रयोगशाळेतल्या वायूत तेवढी उसंत कुणी देत नाही. त्याआधीच दुसरा कण येऊन धडकतो. तेजोमेघात मात्र एका घनसेंटिमीटरमध्ये काही हजार कणच असतात, म्हणजे आपण ज्याला निर्वात म्हणतो त्याहूनही विरळ. तिथे इलेक्ट्रॉनला सवड मिळते. त्याच सुमारास हर्मन झान्स्ट्राने मधल्या ताऱ्याच्या अतिनील प्रकाशावरून त्याचं तापमान काढण्याची रीत बसवली. ते तापमान हजारांत नसून लाखाच्या घरातही जातं. कोवळ्या, अजून घडत असलेल्या ताऱ्याला हे शोभणारं नव्हतं.

या काळात आपल्या भागातलं आकाश मोजलं जात होतं ते हैदराबादेत. मराठवाडा १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होता आणि नवाब जफर जंग यांनी १९०१ मध्ये सुरू केलेली निझामिया वेधशाळा ही त्याच राज्याची. आकाशाच्या आंतरराष्ट्रीय छायाचित्र-नकाशात खगोलीय विषुववृत्ताच्या दक्षिणेचा, उणे १७ ते उणे २३ अंशांचा पट्टा तिच्याकडे आला होता. कुंभेतला हेलिक्स तेजोमेघ याच पट्ट्यात येतो. काचेच्या तबकड्यांवरचे ठिपके वर्षानुवर्षं मोजत बसायचं, हे काम तिथे झालं. खगोलशास्त्रज्ञ वेणू बाप्पूंचे वडील या वेधशाळेत होते, बाप्पू तिथेच वाढले, आणि पुढे त्यांनी ज्या वुल्फ-रायेट नावाच्या अतितप्त, जोरदार वारा सोडणाऱ्या ताऱ्यांचा अभ्यास केला, तसाच वर्णपट काही ग्रहीय तेजोमेघांच्या मध्यताऱ्यांचाही असतो.

सगळे धागे जुळले ते १९५६ मध्ये. तेजोमेघ सेकंदाला २०-३० किलोमीटर वेगाने पसरतात हे तोवर कळलेलं होतं. सोव्हिएत शास्त्रज्ञ योसिफ श्क्लोव्स्कीने ही फीत उलटी फिरवली. कवच मागे मागे नेलं तर ते लाल राक्षसी, म्हणजे म्हातारपणी फुगलेल्या, ताऱ्याच्या बाह्यथरात जाऊन बसतं. मधला तारा पुढे नेला तर श्वेतबटू होतो. म्हणजे तेजोमेघ हा दोन्हींमधला टप्पा. यात चंद्रशेखरांच्या १९३० च्या दशकातल्या गणिताचीही सांगड बसते. श्वेतबटू सूर्याच्या सुमारे १.४ पटींहून जड असूच शकत नाही. मग पाच-सहा सूर्यांएवढा तारा शेवटी श्वेतबटू होत असेल, तर बाकीचा माल गेला कुठे? त्याचं उत्तर आकाशात डोळ्यांसमोर पसरलेलं होतं.

नुसतं वजन उतरवणं एवढंच यात नाही. १९५२ मध्ये पॉल मेरिलला काही लाल राक्षसी ताऱ्यांच्या वर्णपटात टेक्निशियम सापडलं. ताऱ्याच्या आयुष्याच्या मानाने हे मूलद्रव्य पाहता पाहता विरून जातं, म्हणजे ते तिथेच, नुकतंच तयार झालेलं असणार. अशा ताऱ्यांच्या पोटात कार्बन, नायट्रोजन आणि लोखंडाहून जड काही मूलद्रव्यं शिजतात, वर येतात आणि कवचाबरोबर अवकाशात जातात. कापसाच्या बोंडातला कार्बन काही प्रमाणात अशाच ताऱ्यांतून आलेला आहे.

कवचाला एवढी ठसठशीत कड का असते, याचा खुलासा सन क्वोक आणि सहकाऱ्यांनी १९७८ मध्ये केला. लाल राक्षसी तारा आधी सावकाश, दाट वारा सोडतो. नंतर उघड्या गाभ्यातून विरळ पण फार वेगवान वारा सुटतो आणि जुन्या वायूला पुढे लोटत नेतो. वखराच्या पासेपुढे धसकटं गोळा होत जावीत तसा तो वायू कडेला साचतो. गोल तेजोमेघांना हे नीट लागू पडतं.

अडचण अशी की बहुतेक तेजोमेघ गोल नाहीतच. हबल दुर्बिणीने १९९० च्या दशकात वाळूच्या घड्याळासारखे, फुलपाखरासारखे आकार दाखवले, आणि आता बहुतेकांचा रोख जोडताऱ्यांकडे आहे. जुलै २०२२ मध्ये वेब दुर्बिणीच्या पहिल्या चित्रांत दक्षिण कंकण तेजोमेघ होता. मार्च-एप्रिलच्या रात्री तो आपल्याकडे दक्षिणेला ३० अंशांवर येतो. त्याच्या मध्याशी दोनहून अधिक तारे नांदून गेले असावेत, असं त्या निरीक्षणांच्या अभ्यासकांचं म्हणणं आहे.

सूर्याचं काय, हा प्रश्न त्यामुळे वाटतो तितका सरळ राहिलेला नाही. जुन्या गणितांनुसार सूर्याचा गाभा इतका सावकाश तापणार होता की तोवर कवच विरून जाईल आणि उजळायला काही उरणारच नाही. २०१८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रारूपांत हा गाभा बराच लवकर तापतो, आणि फिका का होईना, तेजोमेघ दिसतो. त्याला आता पाच अब्ज वर्षं अवकाश आहे. सूर्याला जोडीदार तारा नाही. पण म्हाताऱ्या ताऱ्यांचे वारे जवळच्या ग्रहांमुळेही वाकडे होऊ शकतात, असं २०२० मध्ये चिलीतल्या आल्मा दुर्बिणीच्या निरीक्षणांवरून मांडलं गेलं. सूर्याच्या बाबतीत गुरू तेवढा जड ठरेल की नाही, हे गणित अजून चालू आहे.