ड्रॅगनला किडे घालताय, पण किड्यांना काय घालता?

बिअर्डेड ड्रॅगन, म्हणजे किडे खाणारा पाळीव सरडा, पाळणारा कुणी भेटला की पहिला प्रश्न ठरलेला, रातकिडे कुठं मिळतात? मिळतील हो, घरीच तयार होतील ढिगानं, पण त्या किड्याच्या पोटात काय आहे हे कुणी विचारत नाही आणि खरी गंमत तिथंच आहे.

बघा, आपली हाडं कॅल्शियमची, ड्रॅगनची पण. किड्याला हाडं नसतातच, त्याचं बाहेरचं कवच कायटिन आणि प्रोटीनचं, त्यात कॅल्शियम जवळपास नाही. फॉस्फरस मात्र भरपूर, रातकिड्यात कॅल्शियमच्या साधारण 7 ते 9 पट, आणि ड्रॅगनला पाहिजे बरोबर उलटं, म्हणजे कॅल्शियम जास्त. मग रक्तातलं कॅल्शियम कमी पडलं की शरीर ते स्वतःच्या हाडातून उपसतं. जबडा मऊ पडतो, पाय वाकतात, थरथर सुटते. पोटभर खाऊन सुद्धा!

उपाय असा की ड्रॅगनला घालायच्या आधी एक-दोन दिवस किड्यांनाच चांगलं चारायचं. शेवग्याचा पाला घ्या, मेथी घ्या, पण पालक नको, त्यातलं ऑक्झलेट कॅल्शियमला धरून ठेवतं. मंडईतला पाला धुऊनच, फवारणीचा अंश असला तर किड्यांचा अख्खा डबा एका रात्रीत गार. शिवाय वरून कॅल्शियम पावडर लावायची आणि लगेच घालायचं, कारण रातकिडा काही तासात अंग साफ करून मोकळा होतो. आणि हे सगळं करून यूव्हीबी दिवा (उन्हातल्या अतिनील किरणांसारखे किरण देणारा) नसला तर व्हिटॅमिन डी तयार होत नाही आणि कॅल्शियम अंगी लागत नाही. खिडकीतलं ऊन चालत नाही, काच यूव्हीबी अडवते.

याला एक अपवाद आहे, ब्लॅक सोल्जर फ्लाय नावाची माशी. हिची अळी स्वतःच्या कातडीत कॅल्शियम कार्बोनेट साठवते, त्यामुळं तिला पावडर लावायची गरज फारशी नाही. ओल्या कचऱ्याच्या कंपोस्टात ती आपोआप येते आणि लोक ई करून फेकून देतात.

आता रातकिड्यांची पैदास. प्लॅस्टिकचा उंच डबा, झाकणाला जाळी, आत अंड्याचे ट्रे उभे लावायचे म्हणजे विष्ठा खाली पडते. पाण्याची वाटी ठेवू नका, बुडून मरतात, गाजराचा काप पुरतो. मादीच्या मागं सुईसारखी नळी असते, ती ओल्या कोकोपीटमध्ये (नारळाच्या काथ्याचा भुसा) खुपसून अंडी घालते, 30 डिग्रीच्या आसपास ठेवलं तर दहाएक दिवसात पिल्लं, पुढं दीड-दोन महिन्यात मोठी. उन्हाळ्यात कोल्हापुरात काही करायला लागत नाही, घर आधीच तापलेलं. वैताग जुलैचा. पंचगंगा पात्राबाहेर आलेली, भिंतींना ओल, आणि डब्यात बुरशी आणि बारीक माइट्स (कोळ्याच्या जातीचे सूक्ष्म जीव), मग अमोनियाचा वास आणि सगळे पटापट मरायला लागतात. पावसाळ्यात कोकोपीट फक्त अंडी घालण्यापुरतं ठेवा, बाकी डबा कोरडा, गर्दी कमी. एवढा ताप नको असेल तर मीलवर्म, म्हणजे एका भुंग्याच्या अळ्या, बरे, गव्हाच्या कोंड्यात गपचूप वाढतात, आवाज पण नाही. (रातकिड्याचा नर पंख घासून रात्रभर ओरडतो, घरच्यांना आधी सांगा!)

उसाच्या शेतातनं किडे धरून आणायचा मोह होतो, तो टाळा, औषध मारलेलं असतंय. काजवा तर चुकूनही नको. मेअखेरीला राधानगरीकडं झाडं लुकलुकायला लागली की पोरं बाटलीत भरून आणतात, पण काजव्याचं विष काय करतं ते अमेरिकेत दिसलंय. तिथल्या काजव्यांत ल्युसिबुफॅजिन नावाचं विष असतं, भेकाच्या विषाच्या जातीचं, थेट हृदयावर जाणारं. ते खाऊन बिअर्डेड ड्रॅगन मेल्याच्या केसेस 1999 मध्ये शास्त्रज्ञांनी मांडल्यात. हा प्राणी मूळचा ऑस्ट्रेलियाचा, त्याला तो काजवा ओळखायची सवयच नाही, समोर हललं की गिळतो.