उघड्यावरचे कालभान

उघड्यावर असताना वेळेची जी जाणीव होते, ती बंद खोलीतल्या जाणिवेहून निराळी असते. या जाणिवेत दोन गोष्टी मिसळलेल्या आहेत आणि त्यांची गल्लत फार होते : दिवसाची कोणती वेळ झाली हे शरीराला उमगणे, आणि गेलेला काळ लांब की आखूड वाटणे.

पहिली गोष्ट प्रकाशावर चालते. मेंदूच्या तळाशी असलेला पेशींचा लहानसा पुंजका शरीराचे घड्याळ सांभाळतो. हे घड्याळ बहुतेकांत 24 तासांहून किंचित सावकाश चालते. डोळ्यांतून पोचणारा प्रकाश ते रोज जुळवून देतो. ढगाळ दिवशीही बाहेर हजारो लक्स (उजेड मोजण्याचे एकक) इतका उजेड असतो, दिवे लावलेल्या खोलीत तो बहुधा 500 च्या आतच. रॉकी पर्वतात विजेच्या दिव्यांवाचून आठवडाभर तंबूत राहिलेल्या काही जणांचा अभ्यास 2013 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यांच्या शरीरात मेलाटोनिन हे रात्र झाल्याची खूण देणारे संप्रेरक सुमारे दोन तास लवकर स्रवू लागले होते.

उजेड तोडला तर काय होते, हे फ्रेंच भूवैज्ञानिक मिशेल सिफ्रे यांनी 1962 मध्ये स्वतःवरच पाहिले. आल्प्समधील एका गुहेत ते घड्याळाविना दोन महिने राहिले. प्रयोग 14 सप्टेंबरला संपला तेव्हा त्यांच्या हिशेबाने 20 ऑगस्ट उजाडला होता. सेकंदाला एक अशा स्वतःच्या अंदाजाने 120 आकडे मोजायला त्यांना सुमारे पाच मिनिटे लागत. तरीही त्यांचे झोपणे-उठणे साडेचोवीस तासांच्या आसपास टिकून होते. शरीर दिवस मोजत राहिले, मनाचा हिशेब मात्र हुकला. वरच्या दोन गोष्टी वेगळ्या का मानायच्या, याचा इतका लख्ख पुरावा क्वचितच मिळतो.

वाटणाऱ्या लांबीबद्दल 2017 च्या एका संशोधनात दिसले की झाडीतून चालणाऱ्यांना फेरी प्रत्यक्षाहून लांब वाटली. शहरी रस्त्यांवर चालणाऱ्यांचा अंदाज तसा फुगला नाही. मन निवांत होते आणि लक्ष भोवताली पसरते, हे त्याचे एक स्पष्टीकरण. चालताना वेळ कसा गेला ते कळत नाही, पण परतल्यावर सकाळ फार मागे पडल्यासारखी वाटते, कारण ओढा, चढ, सावलीचा पट्टा अशा वेगवेगळ्या आठवणी मधे साठलेल्या असतात. थंडीत भिजत कोणाची वाट पाहतानाही वेळ लांबतो, पण तेव्हा लक्ष वेळेवरच खिळलेले असते. त्या लांबण्याला या अनुभवात धरू नये.

सतत बाहेर वावरणारे सूर्य आणि सावली पाहून वेळ ओळखतात. सूर्य तासाला 15 अंश सरकतो. मध्यान्हीच्या सुमारास सावलीची लांबी फारशी बदलत नाही, म्हणून तेव्हा नुसत्या लांबीवरून बांधलेला अंदाज चुकतो; सकाळी आणि कलत्या दुपारी तो बराच नेमका येतो.