मानशीचे दार कोणाच्या हाती

गोव्यातल्या मराठी वर्तमानपत्रांत आतल्या पानावर अधूनमधून एक छोटी जाहिरात दिसते: अमुक गावच्या मानशीची पावणी. गोव्याबाहेरच्या वाचकाला यातले दोन्ही शब्द अडतात. पावणी म्हणजे लिलाव, आणि मानस म्हणजे खाडीच्या बांधात बसवलेले पाण्याचे दार. पण लिलाव दाराचा नसतो. त्या दारातून जा-ये करणाऱ्या पाण्यात जाळे लावून मासळी धरण्याच्या हक्काचा असतो. दार घातले भातासाठी आणि बोली लागते सुंगटांवर, म्हणजे कोळंबीवर. खाजन शेतीचे गेल्या साठ वर्षांत जे झाले ते सगळे या एका उलटापालटीत आहे.

गोव्याचा शेतकरी भाताच्या जमिनी तीन नावांनी ओळखतो. डोंगरउताराची ती मोरड, रेताड ती खेर आणि खाडीकाठची ती खाजन. मांडवी, झुवारी, शापोरा, साळ या नद्यांत समुद्राची भरती बरीच आतपर्यंत चढते. तिच्या पाण्याखाली जाणाऱ्या दलदलीला बांध घालून काढलेली जमीन म्हणजे खाजन. अशी साधारण 17 ते 18 हजार हेक्टर जमीन गोव्यात आहे, त्यातली बरीचशी तिसवाडी, बारदेश आणि सासष्टीत. रायगड-रत्नागिरीकडची खारबंदिस्ती किंवा कारवार-कुमट्याकडची गजनी ही तिचीच भावंडे.

खाजनाचा सारा खेळ पातळीचा आहे. शेत भरतीच्या पाण्याहून खाली असते. दिवाडीच्या किंवा चोडणच्या बांधावर भरतीच्या वेळी उभे राहिले की हे डोळ्यांना दिसते: एका हाताला नदी, दुसऱ्या हाताला भात आणि नदी भातापेक्षा उंच. मध्ये चार-पाच हात रुंदीचा बांध. तोही सिमेंटचा नव्हे, चिखल, गवताचा पेंढा, बांबू आणि नदीच्या अंगाला चिऱ्यांचा थर. चिरे लाटांसाठी असतात तसे कुर्ल्यांसाठी, म्हणजे खेकड्यांसाठीही. कुर्लीने पोखरलेले बोटभर भोक उधाणाच्या रात्री हातभर होते. बांधाबाहेर खारफुटीची एक रांग मुद्दाम राखलेली असे, लाटेचा मार आधी तिने खावा म्हणून.

बांधात जागोजागी मानशी. चिऱ्यांच्या दोन भिंती, त्यांत खाचा, खाचांत मट्टीच्या लाकडाची दारे, कारण मट्टी पाण्यात लवकर कुजत नाही. दार असे टांगलेले असते की भरती चढू लागली की पाण्याच्या रेट्यानेच ते बंद होते, आणि ओहोटीला आतल्या पाण्याच्या रेट्याने उघडते. चोवीस तासांत दोनदा बंद, दोनदा उघडे आणि त्यासाठी कोणाला जागे राहावे लागत नाही. ओहोटी लागताना जवळ उभे राहिलात तर आधी फळ्यांच्या फटीतून पाण्याची चिळकांडी उडते, मग दार कुरकुरते आणि आतले गढूळ पाणी एकदम बाहेर पडते. कालवे चिकटून चिकटून ही दारे दगडासारखी खरबरीत झालेली असतात.

मृगाचा पाऊस पडला की शेतात मुरलेले मीठ विरघळते. ते पाणी मानशीतून काढून टाकायचे, पुन्हा पावसाचे साठवायचे, पुन्हा काढायचे. जमीन अशी धुऊन झाली की मोड आणलेले बियाणे पेरायचे. बियाणेही इथलेच, कोरगुट आणि आझगो. थोडेफार खारट पाणी सोसणारी ही जुनी भाते. कापणीनंतर खारे पाणी आत घेतले की त्याबरोबर सुंगटे, शेवटे, काळुंद्रे, चोणाक अशी मासळी आत येई. उन्हाळ्यात काही खाजनांची मिठागरे होत. एकाच जमिनीतून भात, मासळी आणि मीठ, फक्त पाळी ठरलेली.

हे कधी सुरू झाले याचा एक जुना लेखी दाखला बांदोड्याच्या ताम्रपटात आहे. सहाव्या-सातव्या शतकातल्या कोकण मौर्य राजा अनिर्जितवर्मनच्या या दानपत्रात खज्जन जमीन दान दिल्याची नोंद आहे. म्हणजे शब्द निदान तेरा-चौदाशे वर्षे जुना. परशुरामाने बाण मारून समुद्र मागे हटवला ही कथा आपल्याकडे घरोघरी आहे, आणि बाणावलीचे नावही तिच्याशी जोडले जाते. खाजनाच्या बांधावर मात्र समुद्र एकदा हटवून भागत नाही. तो दर बारा तासांनी परत येतो.

म्हणूनच हे काम एकट्या कुटुंबाचे कधीच नव्हते. एकाच्या वाट्याचा बांध फुटला तर मीठ सगळ्यांच्या शेतात. यातून गावकरी ही संस्था घट्ट झाली. जमीन गावाची. शेते ठरावीक मुदतीने पावणीने कसायला द्यायची, आलेल्या पैशातून बांध, मानशी, देऊळ यांचा खर्च काढायचा आणि उरेल त्यातून गावकारांना, म्हणजे गावातल्या मूळ घराण्यांना, जोण म्हणजे नफ्याचा वाटा द्यायचा. पोर्तुगीज आले, देवळे पाडली, धर्म बदलले, पण ही व्यवस्था त्यांनी मोडली नाही. 1526 मध्ये अफोन्सो मेशिया या पोर्तुगीज महसूल अधिकाऱ्याने गावकरीच्या चालीरीती सनदेत लिहून काढल्या. यात उदारपणा फारसा नव्हता. बांध टिकला तर भात, भात पिकले तर सारा. पुढे तीच गावकरी कोमुनिदाद झाली.

गावकरीच्या आठवणीत हळवे होणाऱ्यांनी एक गोष्ट मात्र विसरू नये. जोण घेणारे गावकार आणि कमरेइतक्या चिखलात उतरून भगदाड बुजवणारे कुणबी-गावडे हे बहुतेक ठिकाणी वेगळे लोक होते. बांधाचे ज्ञान या दुसऱ्यांच्या हातात होते. त्यांच्यासाठी बांधाला राखणदारही होता. अजून कित्येक मानशींवर देवचाराला, म्हणजे त्या राखणदाराला, भाकरीचा रोट ठेवतात, आणि जवळच एखादा पांढरा खुरीस, म्हणजे क्रूसही उभा असतो. पाण्याची भीती हिंदू-ख्रिस्ती दोघांनाही सारखीच.

मिठाची कहाणी थोडी वेगळ्या वाटेने गेली. पणजीहून जुन्या गोव्याला निघालात की रायबंदरपर्यंत जो सरळसोट रस्ता लागतो तो 1633-34 मध्ये व्हाइसरॉय लिन्यारिश याने दलदल आणि मिठागरे ओलांडण्यासाठी बांधला. गोव्याचे मीठ तेव्हा बाहेर जात असे. 1878 च्या इंग्रज-पोर्तुगीज कराराने मीठ उत्पादनाची सूत्रे इंग्रजांच्या हातात गेली, कारण ब्रिटिश हिंदुस्थानातला मिठावरचा कर स्वस्त गोवेकर मिठाने बुडू नये. करार 1892 मध्ये संपला, धंदा मात्र पुरता सावरला नाही. आज त्या रस्त्याने बसमधून जाताना दिसते ती बहुतेक खारफुटी.

19 डिसेंबर 1961 ला गोवा मुक्त झाल्यावर जमिनीचा प्रश्न ऐरणीवर आला, आणि तो यायलाच हवा होता. 1964 चा कूळ कायदा आला, 1976 च्या दुरुस्तीने कसणारा कूळ मालक ठरला. न्याय झाला, पण बांधाचे काय? तो कोणाच्या एकट्याच्या सातबाऱ्यावर बसत नाही. कोमुनिदादीचे उत्पन्न आटले, तिचा बांधातला रसही संपला. देखभाल कुळांच्या संघटनांकडे आली. काही गावांत त्या चांगल्या चालल्या, पुष्कळ ठिकाणी कागदावर राहिल्या. याच काळात खनिजाचे बार्ज मांडवीतून, झुवारीतून आणि दोघींना जोडणाऱ्या कुंभारजुव्याच्या कालव्यातून रात्रंदिवस धावू लागले होते. त्यांच्या लाटा बांधाचा पाया कुरतडत. सप्टेंबर 2012 मध्ये खाणी बंद पडल्या तेव्हा नदी शांत झाली. तोवर अनेक बांधांचे चिरे केव्हाच पाण्यात गेले होते.

त्यात सुंगटांचा भाव चढला. पूर्वी मानशीची मासळी हे वरचे उत्पन्न होते, दारांच्या दुरुस्तीला कामी येणारे. रात्री ओहोटीच्या वेळी मानशीवर कंदील टांगायचा, दाराच्या तोंडाशी पिशवीसारखे जाळे लावायचे आणि उजेडाला भुललेली सुंगटे काढायची. आता भातापेक्षा हीच मिळकत मोठी झाली. पावणी घेणाऱ्याला पाणी आत जितके जास्त तितके बरे, आणि भात लावणाऱ्याला नेमके उलटे. त्यामुळे जून तोंडावर आला तरी दार उघडेच, फळी ‘हरवली’, बांध ‘आपोआप’ फुटला, अशा तक्रारी गावोगावी ऐकू येतात. सगळ्या खोट्या नसाव्यात. तसे पाहिले तर फळी हरवायला भरतीची गरज नसते.

एकदा खारे पाणी दोन-तीन वर्षे आत राहिले की शेतात खारफुटी उगवते. ती उपटायला कायद्याची परवानगी नाही, आणि समुद्रकिनाऱ्यांच्या बाबतीत हा कायदा मोलाचाच आहे. 2011 च्या किनारपट्टी नियमन अधिसूचनेत गोव्याच्या खाजनांचा वेगळा उल्लेख करून तिथे बांधकामाला मनाई केली. त्यातच खाजनालगतची खारफुटीही राखावी असे म्हटले. बांधाबाहेरची खारफुटी शेताची ढाल होती. आतली खारफुटी हे शेत गेल्याचे चिन्ह. अधिकाऱ्याच्या नकाशावर दोन्हींचा रंग हिरवाच. पणजीच्या वेशीवर मेरशी, सांताक्रुझकडे तर तिसरीच गत: खाजनात भराव आणि भरावावर घरे. पूर्वी पाऊस आणि उधाण एकदम आले की जे पाणी शेतात थांबे, ते आता रस्त्यावर थांबते.

मुक्तीनंतर जया आणि ज्योती या सुधारित जाती आल्या. उत्पन्न भरघोस, पण मिठापुढे त्या टिकत नाहीत. बांध धड असेल तोवरच त्यांचा फायदा. कोरगुट उंच वाढतो, वाऱ्याने आडवा होतो, उतारा कमी देतो. बाजारात त्याला कोणी फारसे विचारत नव्हते. तरी काही घरांत तो एखाद्या कुणग्यापुरता, म्हणजे शेताच्या छोट्या तुकड्यापुरता लावला जात राहिला, उकड्या तांदळासाठी. म्हातारी माणसे सांगतात, सकाळची पेज खावी तर कोरगुटाचीच.