चांगदेवांची चौदाशे वर्षे आणि काळ चुकवणारे सिद्ध

योगी चांगदेव ज्ञानदेवांना भेटायला आळंदीला आले त्या कथेतले वाघ, सापाचा चाबूक, भिंत आणि कोरे पत्र सगळ्यांना पाठ आहे, ते इथे पुन्हा सांगत नाही. त्या कथेत एका वाक्यात उरकला जाणारा तपशील वेगळाच आहे. मरणाची घटका जवळ आली की चांगदेव प्राण टाळूवरच्या ब्रह्मरंध्रात चढवून बसत, काळ रिकाम्या हाताने परतला की तो खाली उतरवत. शंभर वर्षांनी एकदा, असे चौदा वेळा. याला काळवंचना, म्हणजे काळाला फसवणे, म्हणत आणि ती एकट्या चांगदेवांची करामत नव्हती. नाथ आणि त्यांच्या आसपासच्या सिद्धांची ती रीतसर विद्या होती. तिची मुळे वज्रयानी, म्हणजे तांत्रिक, बौद्ध सिद्धांपर्यंत मागे जातात.

विद्येमागचा हिशोब सरळ आहे. दिवसरात्रीच्या 60 घटका आणि घटकेला 360 श्वास, म्हणजे एकूण 21,600. माणसाला आयुष्य मिळते ते वर्षांनी नव्हे, श्वासांनी मोजून. मग श्वास रोखला तर खर्च थांबतो. पुढची पायरी याहून धीट आहे. उजवी नाडी सूर्याची, डावी चंद्राची. या दोघींतून प्राणाच्या येरझाऱ्या चालतात, त्यातून शरीरात दिवस आणि रात्र होतात, तोच काळ. प्राण मधल्या सुषुम्नेत शिरला की दिवसही नाही आणि रात्रही नाही. हठयोगाचा पंधराव्या शतकातला ग्रंथ हठप्रदीपिका म्हणूनच सुषुम्नेला काळ खाणारी म्हणतो. काळाचा दंड मोडून ब्रह्मांडात हिंडणाऱ्या सिद्धांची नावेही हा ग्रंथ सुरुवातीलाच देतो. रससिद्धांनी, म्हणजे पाऱ्यावर प्रयोग करणाऱ्या सिद्धांनी, हेच पाऱ्यातून साधू पाहिले. तेराव्या शतकाच्या अखेरीस दक्षिणेत येऊन गेलेल्या एका व्हेनिसच्या व्यापाऱ्याने पारा आणि गंधक पिऊन दीडशे-दोनशे वर्षे जगणाऱ्या जोग्यांविषयी लिहून ठेवले आहे.

खरा गुंता चांगदेव या नावाचा आहे. यादवकाळात हे नाव एकट्याचे नव्हते. कोऱ्या पत्राला उत्तर म्हणून ज्ञानदेवांच्या 65 ओव्या ज्यांना मिळाल्या ते चांगदेव वटेश्वर. महानुभाव पंथ ज्या पाच अवतारांना मानतो त्या पंचकृष्णांतले चांगदेव राऊळ वेगळे, मूळचे फलटणचे, पुढे द्वारावतीचे. राऊळांनी स्वतःचा देह टाकला आणि भडोचच्या प्रधानाच्या नुकत्याच वारलेल्या मुलाच्या देहात प्रवेश केला, तेच पुढे पंथाचे संस्थापक चक्रधर, असे महानुभाव परंपरा सांगते. तिकडे हरिश्चंद्रगडावर चांगदेवांची तपश्चर्या सांगतात, आणि ‘तत्त्वसार’ हा त्यांच्या नावाचा ग्रंथ शके 1234 चा, म्हणजे 1312 चा. ज्ञानदेवांची समाधी 1296 ची. म्हणजे कथेत गर्व उतरून संपलेला माणूस त्यानंतर सोळा वर्षांनी ग्रंथ लिहीत बसलेला दिसतो! कथेला त्याची फिकीर नाही.

मग चौदाशे वर्षांचे काय करायचे? चमत्कार म्हणून स्वीकारा किंवा भाकडकथा म्हणून टाकून द्या, अशा दोन टोकांवर वाद अडून राहतो. मला तिसरी शक्यता जास्त पटते. गादीवर बसणारा प्रत्येक शिष्य गुरूचेच नाव धारण करत असेल, तर भक्तांच्या लेखी देह बदलतो, चांगदेव तोच राहतो. परकायाप्रवेश मानणाऱ्या मंडळींना यात लबाडी वाटण्याचे कारणच नव्हते. आक्षेप एवढाच की चौदा हा आकडा फार गोळीबंद आहे आणि अशा चौदा पिढ्यांचा लेखी पुरावा नाही. तो आक्षेप मान्य करूनही एकच माणूस की अनेक, हा प्रश्न त्या काळच्या माणसाला आपल्याइतका टोचला नसता असे वाटते.

आळंदीच्या भेटीला नेहमी भक्तीने योगावर केलेली मात म्हणतात. ही मांडणी अर्धीच आहे. ज्ञानदेव स्वतः नाथपरंपरेतले होते, गहिनीनाथांकडून निवृत्तिनाथ आणि त्यांच्याकडून ते. ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायात कुंडलिनी जागी झालेल्या योग्याचे वर्णन आहे. त्याच्या देहाला कृतांत, म्हणजे काळच, भितो. पुढे तर ‘वार्धक्य तरी बहुडे’ असे म्हणून म्हातारपण माघारी फिरते, तारुण्याची गाठ सुटते आणि हरवलेले बाळपण उघडे पडते. काळ उलटा फिरवण्याचे इतके देखणे वर्णन मराठीत दुसरे मी तरी वाचलेले नाही. ते करणाऱ्याला ही विद्या खोटी वाटत होती असे म्हणवत नाही. जगून काय साधले, हा त्याचा प्रश्न होता.

पुढच्या काळात हा बारकावा पुसट झाला. 1762 च्या भक्तविजय या संतचरित्रांच्या ग्रंथात प्रसंग रंगवून सांगितला गेला आणि चांगदेव गर्विष्ठ योग्याचा नमुना ठरले. 1819 च्या नवनाथ भक्तिसाराने उलट सिद्धांची बाजू उचलली. त्यात मच्छिंद्रनाथ राजाच्या देहात राहतात आणि मूळ देह जपून ठेवला जातो. 1940 मध्ये पुण्यात तयार झालेल्या बोलपटाने चालती भिंत पडद्यावर आणली, आणि चांगदेव म्हटले की बहुतेकांना आता तीच दिसते. समाधी पुणतांब्याला गोदावरीकाठी आहे. तापी-पूर्णेच्या संगमावरचे चांगदेव गाव आणि तिथले जुने देऊळ त्याच नावाचे, पण त्यातले चांगदेव नेमके कोणते, हे तिथल्या दगडांवरूनही ठरत नाही.