सीएचएचा (कस्टम हाउस एजंटचा) परवाना, फरार निर्यातदार आणि संघटनांची लढाई : पार्श्वभूमी

सीमाशुल्क कायदा झाला त्याच १९६२ साली कस्टममधून माल सोडवणाऱ्या आणि पुढे पाठवणाऱ्या, म्हणजे क्लिअरिंग-फॉरवर्डिंग, व्यावसायिकांच्या स्थानिक संघटनांचा देशव्यापी महासंघ उभा राहिला. त्यानंतरची बरीच वर्षे संघटनांचे काम ठरलेले होते: मुंबई गोदीतल्या अडचणी कस्टम हाउसपर्यंत नेणे, परिपत्रकांचा अर्थ सभासदांना सांगणे, परवान्याच्या परीक्षेची तयारी करून घेणे. १९८९ मध्ये न्हावाशेवा बंदर सुरू झाले आणि कंटेनरचा ओघ वाढला, तशी या कामाची व्याप्तीही वाढली.

फ्रेट फॉरवर्डर (ग्राहकाचा माल पाठवण्याची व्यवस्था करणारा) म्हणून आपल्याकडे स्वतंत्र परवाना नाही. माल सोडवायचा तर सीमाशुल्क कायद्याच्या कलम १४६ खालचा परवाना लागतो. कारखान्यापासून परदेशातल्या गोदामापर्यंत एकाच बिलावर माल पाठवायचा तर १९९३ च्या बहुविध वाहतूक कायद्याखाली नोंदणी लागते. रॉटरडॅमच्या एजंटाला मस्जिद बंदरच्या छोट्या फर्मची पत कशी कळणार? तिथे संघटनेचे सभासदत्व आणि १९२६ मध्ये व्हिएन्नात स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय महासंघाशी असलेले नाते उपयोगी पडले.

संघटनांचा खरा कस मात्र जीएसटीनंतर लागला. आधीच्या 'सीएचए'ला २०१३ च्या नियमांनी 'कस्टम्स ब्रोकर' केले, २०१८ मध्ये नवे नियम आले. त्यातल्या नियम १०(एन) नुसार ग्राहकाचा आयईसी (आयात-निर्यात संकेतांक), जीएसटी क्रमांक, ओळख आणि दिलेल्या पत्त्यावर तो खरोखर व्यवसाय करतो की नाही, हे ब्रोकरने विश्वसनीय, स्वतंत्र कागदपत्रांवरून पडताळायचे असते. पुढे निर्यातदारांना मिळणाऱ्या आयजीएसटी (एकात्मिक जीएसटी) परताव्यातले घोटाळे उघड झाले आणि माहिती विश्लेषणातून 'जोखमीचे निर्यातदार' बाजूला काढले गेले. त्यातले कित्येक पत्त्यावर सापडलेच नाहीत. मग नोटिसा गेल्या त्या त्यांची शिपिंग बिले (निर्यातीची कस्टमकडची कागदपत्रे) भरणाऱ्या ब्रोकरांना. तातडीच्या प्रकरणात आधी निलंबन आणि सुनावणी नंतर, अशी नियमांतच सोय आहे. पाच लाखांची हमी ठेवून, दोन-चार जी आणि एच कार्डधारकांवर (कस्टमचे ओळखपत्र असलेल्या कर्मचाऱ्यांवर) चालणाऱ्या फर्मला परवाना थांबणे म्हणजे ग्राहक कायमचे गमावणे.

संघटनांचा सवाल रास्त होता. जीएसटी क्रमांक सरकारने दिला, आयईसी सरकारने दिला. मग ती नोंदणी खोटी निघाली तर दोष ब्रोकरचा कसा? ब्रोकर हा व्यवहाराचा खरेखोटेपणा तपासणारा निरीक्षक नव्हे, असे एका उच्च न्यायालयाने २०१७ मध्येच म्हटले होते. २०२१-२२ मध्ये अपिली न्यायाधिकरणानेही अनेक प्रकरणांत परवानारद्दीचे आदेश बाजूला सारले: सरकारी कागदपत्रांवर विसंबणे पुरेसे, प्रत्यक्ष जागेवर जाण्याची सक्ती नियमात नाही. सीमाशुल्क खात्याची बाजूही होती. निर्यातदार पळाल्यावर हाताशी उरणारा एकमेव परवानाधारक ब्रोकरच असतो. पण हाताशी असणे हा काही गुन्हा नव्हे.

जुलै २०२१ पासून परवान्याचे ठरावीक काळाने होणारे नूतनीकरण बंद झाले. वर्षभर काम नसल्यास परवाना निष्क्रिय होऊ शकतो, एवढीच अट राहिली. १ ऑक्टोबर २०२२ ला निर्यात मालभाड्यावरची जीएसटी सवलत संपली: हवाई भाड्यावर १८ टक्के, सागरीवर ५ टक्के. निर्यातदाराला परतावा मिळेपर्यंत फॉरवर्डरची बिले अडकू लागली आणि संघटनांच्या निवेदनांत १०(एन) सोबत खेळत्या भांडवलाचा विषय येऊन बसला.