बोलपटांच्या आरंभकाळातील ‘मुन्शी’ आणि लेखनश्रेयाचा प्रश्न : पार्श्वभूमी

‘आलम आरा’ या पहिल्या भारतीय बोलपटाचे लेखक जोसेफ डेव्हिड यांचा उल्लेख अलीकडच्या सूचींमध्ये सर्रास ‘पटकथालेखक’ असा केला जातो. १९३१ साली या पदाला आजचा अर्थ चिकटलेला नव्हता, आणि श्रेयाबाबतचा पुढचा बराचसा घोळ या एका शब्दाने वाढवला आहे.

मराठी बोलणाऱ्या बेने इस्राएल या ज्यू समाजातून आलेले हे लेखक मुंबईच्या पारशी रंगभूमीवर घडले. तेथील पगारी नाटककार, म्हणजेच ‘मुन्शी’, संवाद लिही, पदे रची आणि मंडळीच्या नटांचा गळा व वकूब पाहून प्रसंग बेती. प्रतिस्पर्धी मंडळी नाटक उचलतील या भीतीने संहिता शक्यतो छापली जात नसे. प्रेक्षकांच्या हाती पडे ती पदांची चोपडी. बोलपटांनी ही प्रथा जशीच्या तशी उचलली. ‘आलम आरा’ची एकही प्रत आज उपलब्ध नसल्याने जाहिराती, छायाचित्रे आणि असेच छापील कागद हाच अभ्यासकांचा आधार उरला आहे.

चित्रपटाची कथा त्यांच्याच नाटकावरून घेतली होती, याबद्दल दुमत नाही. वाद आहे तो संवादांचा. काही सूचींत त्यांच्या जोडीला आणखी एका मुन्शींचे नाव येते, आणि एकाकडे उर्दू, दुसऱ्याकडे हिंदी अशी वाटणीही केलेली दिसते. ही वाटणी पटण्याजोगी नाही, कारण चित्रपट एकच होता आणि त्यातली बोली रंगभूमीवर रुळलेली मिश्र हिंदुस्तानी होती. भाषावार श्रेय शोभते ते पुढच्या वर्षीच्या ‘अयोध्येचा राजा’ला; तो मराठी आणि हिंदी अशा दोन आवृत्त्यांत स्वतंत्रपणे चित्रित झाला, त्यामुळे हिंदीसाठी वेगळा मुन्शी लागणे ओघानेच आले. मुन्शी म्हणजे केवळ भाषा घोटून देणारा, ही समजूत अशा द्विभाषी चित्रपटांमुळे रूढ झाली असावी, आणि ती मागे नेऊन ‘आलम आरा’च्या लेखकालाही लावली गेली.

प्रत्यक्षात त्यांचे काम बरेच व्यापक असणार. चित्र आणि आवाज एकाच फितीवर उमटत असल्यामुळे चित्रीकरणानंतर एखादे वाक्य बदलण्याची सोय नव्हती. स्टुडिओजवळून रेल्वेगाड्या जात, म्हणून चित्रीकरण मुख्यतः रात्री चाले. नेपथ्यात दडवलेल्या मायक्रोफोनपासून नट फार दूर सरकणार नाही, अशा बेतानेच प्रसंग उभा करावा लागे, आणि गाणेही कॅमेऱ्यासमोरच म्हटले जाई. अशा स्थितीत ‘कथा’, ‘पटकथा’ आणि ‘संवाद’ हे कप्पे वेगळे काढणे म्हणजे नंतरची फूटपट्टी आधीच्या कामाला लावणे होय.

१९३३ च्या ‘लाल-ए-यमन’मध्ये त्यांचा रंगभूमीचा वारसा अजून ठसठशीत होता. १९३५ च्या ‘हंटरवाली’त मात्र घोडदौड आणि मारामारी हेच मुख्य आकर्षण झाले आणि संवादलेखकाला दुय्यम जागा मिळाली, त्यांच्या नावाकडे पुढे झालेल्या दुर्लक्षाचे एक कारण येथे शोधता येते.

लेखकांच्या हक्कांचा विचार फार उशिरा झाला. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानेही, वेगळा करार नसेल तर, नोकरीत असताना केलेल्या लेखनाचा पहिला मालक सामान्यतः नोकरी देणाराच मानला. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने गीतकार-संगीतकारांच्या दाव्यात निर्मात्यांचीच बाजू उचलून धरली, हा निर्णय लेखकवर्गाला दीर्घकाळ जाचक ठरला. २०१२ च्या दुरुस्तीने चित्रपटात समाविष्ट साहित्यकृतीच्या लेखकाला रॉयल्टीतील समान वाट्याचा हक्क दिला, आणि तो निर्मात्याला लिहून देण्यावर बंदी घातली. चित्रपटगृहातील प्रदर्शनाचे उत्पन्न मात्र त्यातूनही वगळले आहे. मुन्शींच्या काळातील बोलपटांना, ध्वनिमुद्रिका सोडल्या तर, त्याखेरीज दुसरे उत्पन्न फारसे नव्हतेच.