मोठा विचार आणि मोठा पसारा

मी छोट्या धंदेवाल्यांचे हिशेब लिहितो, जीएसटीची विवरणपत्रं भरतो. वर्षातून चार-पाच वेळा तरी कुणीतरी समोरच्या खुर्चीत बसून म्हणतो, "साहेब, आता मोठा विचार करायचा ठरवलंय." मी पेन खाली ठेवतो आणि पुढच्या वाक्याची वाट बघतो. पुढच्या वाक्यात नवा गाळा, त्याचं डिपॉझिट, बोर्डाचा रंग आणि शाखांचा आकडा आला, तर माझ्या पोटात गोळा येतो. "संध्याकाळी सात ते नऊ गिऱ्हाईक ताटकळून परत जातं, त्याचं काय करायचं ते सुचत नाहीये," असं काही आलं, तर मी चहा मागवतो.

पहिल्याच्या मनात पसारा आहे, दुसऱ्याच्या मनात विचार. गोंधळ होतो कारण बाहेरून दोन्ही सारखेच दिसतात. दोघंही बँकेत जातात, दोघंही वर्षभर झोपेचं खोबरं करून घेतात, दोघांच्या बोलण्यात "शंभर दुकानं" येतं. फरक एवढाच, की मोठा विचार करणारा आज हातात असलेल्या एका दुकानाकडे बघून विचारतो, याची शंभर झाली तर नेमकं कुठे फाटेल? आणि ते भोक आजच शिवायला घेतो. पसारा मांडणारा आधी शंभर करतो, मग शिवणयंत्र शोधतो.

आपल्याकडे "अंथरूण पाहून पाय पसरावे" ही म्हण दोघांनाही सारखीच ऐकवतात, तिथेही घोटाळा आहे. म्हण पायांबद्दल आहे. घरातली वडीलधारी माणसं ती डोळ्यांनाही लावतात, आणि मग पोरगं लांबचं बघायचंच सोडतं. तेही मी पाहिलंय. बावीस वर्षं एकाच दरात झेरॉक्स काढणारा एक भला माणूस माझ्याच यादीत आहे. पण आजचा विषय तो नाही.

पसारा कसा घडतो ते एका मिसळवाल्याच्या वह्यांत मला महिन्या-महिन्याने दिसलं. पहिलं दुकान झकास चाललेलं. पहाटे साडेचारला हा स्वतः कट करायचा, मसाला स्वतः भाजायचा, रविवारी बाहेर रांग. कुणीतरी डोक्यात भरवलं की चव आहे तर ब्रँड होऊ शकतो. चौदा महिन्यांत चार शाखा. प्रत्येक गाळ्याचं डिपॉझिट, फर्निचर, एक्झॉस्ट, बोर्ड. हे सगळं कशातून गेलं? खेळत्या भांडवलातून. म्हणजे ज्या पैशातून उद्याची मटकी आणि परवाचं फरसाण यायचं, तोच पैसा भिंतींत चिणला गेला. मग पहिल्या दुकानाचा गल्ला चौथ्या दुकानाचं भाडं भरू लागला. फरसाणवाल्याची उधारी पंधरा दिवसांवरून दोन महिन्यांवर गेली. दोन महिने थकलेल्या गिऱ्हाइकाला कुणी ताजा माल आधी देत नाही, त्याला उरलेला येतो. फरसाण खवट निघू लागलं, आणि ते चारही शाखांइतकंच मूळच्या दुकानातही गेलं. रविवारची रांग आधी तिथेच तुटली.

मजा अशी की या सबंध काळात त्याच्या तोंडी "मोठा विचार" हेच शब्द होते, आणि तो खोटं बोलत नव्हता. त्याला खरंच तसं वाटत होतं.

हीच गोष्ट फार मोठ्या मापात बघायची तर किराण्याच्या दोन साखळ्या शेजारी ठेवाव्यात. चेन्नईत 1997 मध्ये 'सुभिक्षा' सुरू झाली. स्वस्त किराणा, औषधं, थाटमाट नाही. कल्पना लहान नव्हतीच, आणि चुकीची तर मुळीच नव्हती. तामिळनाडूत दीडेकशे दुकानांपर्यंत ती नीट चालली. मग कंपनीने देशभर धाव घेतली आणि 2008 पर्यंत दुकानांचा आकडा सोळाशेच्या घरात नेला, किराण्याच्या जोडीला मोबाइलही विकायला घेतले. ही वाढ बव्हंशी कर्जावर होती, नवं भांडवल पुढे येईल या हिशेबाने. 2008 च्या जागतिक मंदीत ते भांडवल आलं नाही. रोकड संपली, पुरवठादारांनी माल थांबवला, फळ्या रिकाम्या पडल्या, पगार आणि भाडी थकली, आणि 2009 उजाडता उजाडता दुकानं बंद पडली. मिसळवाल्याचीच साखळी, फक्त शून्यं जास्त.

राधाकिशन दमाणी हे मुळात शेअर बाजारातलं नाव. किराण्यात उतरायचं ठरल्यावर त्यांनी आधी नेरुळला 'अपना बाजार' या मुंबईतल्या सहकारी भांडाराची एक फ्रँचायझी चालवून पाहिली. ते गणित पटलं नाही. मग 2002 मध्ये पवईला डी-मार्टचं पहिलं दुकान उघडलं. इथून पुढची गती बघा: मार्च 2017 मध्ये कंपनी शेअर बाजारात नोंदली गेली, त्या महिन्याअखेर पंधरा वर्षांत दुकानं होती 131. सुभिक्षाने तीन-चार वर्षांत जेवढी उघडली त्याच्या दहावा हिस्सासुद्धा नाही. 299 रुपयांना दिलेला शेअर पहिल्याच दिवशी सहाशेच्या वर उघडला, म्हणजे बाजाराला हा आकडा लहान वाटला नव्हता.

त्या पंधरा वर्षांत काय चाललं होतं? शक्यतो जागा भाड्याने न घेता विकत घ्यायची, म्हणजे दर काही वर्षांनी घरमालक मान धरणार नाही. पुरवठादाराचे पैसे लवकर चुकते करायचे, म्हणजे तो भाव कमी लावेल. दुकानं महाराष्ट्र-गुजरातेत एकमेकांच्या जवळजवळ ठेवायची, म्हणजे एकाच गोदामातून माल फिरेल. यातली एकही गोष्ट उद्घाटनाच्या फोटोत दिसत नाही. शेजारच्या काकांना विचारलं असतं तर ते म्हणाले असते, "मारवाडी माणूस, जपून पाऊल टाकतोय." जपून वगैरे काही नाही. एका दुकानात शंभर दुकानांचा हिशेब मांडून बसलेला माणूस होता तो. मला विचाराल तर त्या काळातला सगळ्यात धाडसी बेत तोच होता.

आता कुणी म्हणेल, या सगळ्याला पैसा लागतो, दमाणींकडे होता. खरंय. म्हणून लिज्जतकडे वळू.

15 मार्च 1959. गिरगावातल्या एका इमारतीची गच्ची, सात बायका, समाजसेवक छगनलाल पारेख ऊर्फ छगनबाप्पांकडून उसने घेतलेले ऐंशी रुपये. पहिल्या दिवशी चार पाकिटं झाली. जसवंतीबेन पोपट त्या सातजणींतल्या; त्यांना 2021 मध्ये पद्मश्री मिळाली तेव्हा हे पुन्हा सगळीकडे छापून आलं, आणि प्रत्येक बातमीत "ऐंशी रुपयांतून कोट्यवधी" हेच ठळक होतं. मला त्यातली वेगळी गोष्ट महत्त्वाची वाटते. सुरुवातीला त्या दोन प्रतींचे पापड करायच्या, हलका स्वस्तात. छगनबाप्पांनी सांगितलं, एकच प्रत ठेवा, चांगली. शिवाय हिशेब चोख ठेवा आणि देणग्या घेऊ नका.

मग कामाची मांडणी बघा. पीठ शाखेच्या केंद्रातच मळलं जातं. सकाळी भगिनी येतात, तोलून पीठ नेतात, घरी लाट्या करून पापड लाटतात, वाळवतात, आणून देतात, वजन होतं, वणाई म्हणजे लाटण्याची मजुरी मिळते. ज्या घरी कधीही अर्धा किलो हिंग एकदम आला नसेल त्या घरातून देशभर एकाच चवीचा पापड निघतो, कारण चव ठरते ती मळणीत, आणि मळणी कुणाच्या स्वयंपाकघरावर सोडलेलीच नाही. लाटणं हजार घरांत, मळणं केंद्रातच. उद्या बायका सातऐवजी सात हजार झाल्या तरी काय तुटू शकतं आणि काय तुटता कामा नये, याचा निवाडा या एका व्यवस्थेत आहे. हा मोठा विचार आहे, आणि तो करणाऱ्यांपैकी कुणीही "स्केल" हा शब्द ऐकलेला नव्हता.

त्यांनाही ठेच लागली. 1961 मध्ये मालाडला शाखा काढायचा प्रयत्न फसला. पण तो फसला तेव्हा गिरगावचं काम बुडालं नाही. महाराष्ट्राबाहेरची पहिली शाखा गुजरातेत वालोडला निघाली ती 1968 मध्ये. विचार आणि पसारा यांतला फरक ओळखायची एक खूण मला इथे सापडते: नवीन ठिकाणचा प्रयोग पडला तर मूळचं घर उभं राहतं का? मालाड पडलं आणि गिरगाव उभं राहिलं. मिसळवाल्याची चौथी शाखा पडली ती पहिल्या दुकानाची रांग घेऊनच.

इथवर सगळं छान जुळतंय, पण एक माणूस माझी फूटपट्टी वाकडी करतो. वालचंद हिराचंद. जन्म सोलापूरचा, 1882 चा. लक्ष्मणराव फाटक या रेल्वेतल्या माजी कारकुनाबरोबर त्यांनी बार्शी लाइट रेल्वेच्या कंत्राटापासून सुरुवात केली. पुढे काय काय केलं त्याची यादी वाचली तर कुठलाही हिशेबनीस कपाळाला हात लावेल. 1919 मध्ये जहाजं, मग साखर, 1940 मध्ये बंगळुरूला विमानांचा कारखाना, 1941 मध्ये विशाखापट्टणमला जहाजबांधणी, 1944 मध्ये मोटारींसाठी प्रीमियर. याला पसारा नाही तर काय म्हणायचं?

'लॉयल्टी' हे त्यांचं पहिलं जहाज ग्वाल्हेरच्या शिंदे सरकारांकडून घेतलेलं, बऱ्यापैकी जुनं. 5 एप्रिल 1919 ला ते मुंबईहून लंडनला निघालं. आज हाच दिवस राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळतात. जहाज म्हणून ते फायद्याचं ठरलं नाही, 1923 मध्ये भंगारात गेलं. इंग्रजी कंपन्यांनी दर पाडून वालचंदांच्या सिंदिया या जहाज कंपनीला घोळसायचा प्रयत्न केला. तरी ती टिकली, कारण त्यांनी हट्ट लंडनच्या फेरीचा धरला नाही. किनारपट्टीचा मालवाहतुकीचा व्यापार धरला आणि ब्रिटिशांशी दरांचा करारही केला. विमानांच्या वेळी महायुद्ध चालू होतं, म्हैसूर दरबार भागीदार होता, गिऱ्हाईक दारात उभं होतं. तरीसुद्धा, खरं सांगायचं तर, वालचंदांची प्रत्येक उडी माझ्या खुणेवर उतरत नाही. विमानांचा कारखाना 1942 मध्ये सरकारच्या हातात गेला, जहाजबांधणीही पुढे सरकारकडेच गेली. त्यांच्या हातून बरंच सुटलं. पण जे सुटलं ते बंद पडलं नाही: बंगळुरूचा कारखाना आज हिंदुस्तान एरोनॉटिक्स आहे, विशाखापट्टणमला अजून जहाजं बांधली जातात. अशा माणसाला विचार आणि पसारा या दोन खणांत कुठे बसवायचं ते मला अजून ठरवता आलेलं नाही. एवढंच म्हणतो की वालचंदांचं नाव घेऊन गाळा बुक करायला येणाऱ्यांना मी आधी बार्शीच्या रुळांबद्दल विचारतो. ते त्यांना माहीत नसतं.

धंद्याबाहेरही हाच घोळ चालतो. पुण्यात सदाशिव पेठेत एकदा अभ्यासिकांतून चक्कर मारा. एकाच पोराच्या टेबलावर यूपीएससी, एमपीएससी, बँकिंग आणि वर तलाठी भरतीचे गठ्ठे. घरी सांगताना तो "मोठं ध्येय ठेवलंय" असं सांगतो. गठ्ठा मोठा असतो हे नक्की. शेजारी एखादी मुलगी एकाच वर्षाची प्रश्नपत्रिका चौथ्यांदा सोडवत बसलेली असते, आपलं उत्तर नेमकं कितव्या मिनिटाला भरकटतं ते समासात लिहीत. तिच्या टेबलावर बघण्यासारखं काही नसतं.

माझ्याकडे दिवाळीचा फराळ करून परदेशात पाठवणाऱ्या एक बाई येतात. अजून त्या आणि दोन मदतनीस, एवढाच कारभार. पण त्यांची एक वही आहे. चकलीच्या भाजणीत तांदूळ, हरभरा डाळ, उडीद डाळ, धणे-जिरे, सगळं ग्रॅममध्ये. प्रत्येक धान्य किती मिनिटं भाजायचं, त्यावेळी गॅस कितीवर. पावसाळ्यात पाणी किती कमी. मी विचारलं, तुम्ही स्वतःच तर करता, एवढं लिहिता कशाला? म्हणाल्या, "उद्या मी नसताना पंचवीस जणी करतील ना."

ती वही मी त्यांची परवानगी घेऊन मिसळवाल्याला दाखवली. चारही शाखा बंद करून तो परत पहिल्या दुकानात आलाय, फरसाणवाल्याचं देणं हप्त्याने फेडतोय. गेल्या महिन्यात शंभर पानी वही घेऊन आला, कटाचा मसाला लिहून काढलेला. धणे, खोबरं, लवंग, दगडफूल, सगळ्यांपुढे आकडे होते. मिठापुढे लिहिलं होतं, "चवीपुरतं".

मी म्हटलं, हा शब्द दुसऱ्या दुकानात कसा पोचणार?

तो थोडा वेळ वहीकडे बघत राहिला. मग माझ्या कार्यालयाखालच्या सोनाराकडे मला घेऊन गेला, खिशातून मिठाची पुडी काढली, कटात टाकतो तशी डोळे मिटून मूठ भरली आणि काट्यावर सोडली. एकतीस ग्रॅम. परत भरली. अडतीस. सोनार हसायला लागला. हा हसला नाही. "थांबा," म्हणाला आणि पुन्हा मूठ भरली.